एका फांदीची गोष्ट

प्रिय मंगल,
सप्रेम नमस्कार.

दोन वर्षांत तुला एक ओळही लिहिली नाही, याची मला मनापासून लाज वाटते. तब्येत ठीक आहे, गुडघा पूर्वीसारखाच. परवा मॉरिशसहून रॉड्रिग्ज बेटावर गेले होते आणि तिथल्या रोपवाटिकेत जे पाहिले, ते तुझ्याखेरीज कोणाला सांगावेसे वाटत नाही.

काफे मारों हे कॉफीच्या कुळातले झाड फक्त या बेटावरचे. ते केव्हाच नामशेष झाले, असे सगळे धरून चालले होते. १९८० च्या सुमारास एका शिक्षकाने वर्गात दुर्मीळ वनस्पतींची चित्रे दाखवली आणि त्यावरून एका मुलाला हे झाड सापडले. साऱ्या बेटावर ते एकच उरले होते. बातमी फुटताच लोक औषधासाठी त्याच्या फांद्या तोडू लागले. कुंपण घातले, तरी तोड थांबेना, म्हणून आणखी कुंपणे घालावी लागली. हे ऐकताना मला आपल्या कातळसड्यावरचा तुझा आवाज आठवला, ‘जागा कोणालाही सांगायची नाही.’ मी विद्यार्थ्यांना सांगितली आणि पुढच्याच पावसाळ्यात आपल्या खर्चुडीचे, त्या दुर्मीळ रानवेलीचे, कंद कोणीतरी उकरून नेले. तेव्हा तुझेच खरे होते, मंगल. पण त्या शिक्षकाने चित्रे दाखवलीच नसती, तर हे शेवटचे झाड सरपणात गेले असते, हेही मनातून जात नाही.

१९८६ मध्ये त्याच्या काही फांद्या विमानाने लंडनच्या क्यू या वनस्पती उद्यानात पाठवल्या. त्यांतली एकच रुजली. तिची झाडे वर्षानुवर्षे पांढऱ्या चांदण्यांसारखी फुलत राहिली, पण फळ धरेना. शेवटी तिथल्या कार्लोस मॅग्डालेना यांनी कुक्षीचे, म्हणजे परागकण झेलणाऱ्या स्त्रीकेसराच्या शेंड्याचे, टोक छाटून तिथे परागकण लावून पाहिले आणि २००३ मध्ये पहिले फळ धरले. पुढे त्या बियांची रोपे बेटावर परतली.

मी पाहिलेल्या रोपाची पाने लांब, अरुंद, तपकिरी ठिपक्यांची, वाळक्या काडीसारखी होती. शेजारच्या मोठ्या झाडाची रुंद आणि हिरवीगार. दोन्ही एकाच जातीची, हे खरे वाटेना. पूर्वी इथे असलेल्या मोठ्या कासवांनी कोवळे रोप खाऊ नये म्हणून हे सोंग, असे मानतात. ती कासवे केव्हाच संपली, तरी रोप अजून लपतेच आहे.

त्या रोपाजवळ उभी असताना मला तुझा तो कंद आठवला. सड्यावरून तू एकच कंद रुमालात गुंडाळून घरी नेलास, तेव्हा मी सगळ्यांसमोर, सरांच्यादेखत, तुला चोर म्हटले. आज तो शब्द मागे घेते. क्षमा कर.

शिल्पाचे लग्न ठरल्याचे वहिनींकडून कळले. तिला माझे आशीर्वाद. तुझे डोळ्याचे ऑपरेशन नीट झाले ना?

तो कंद तू परसातल्या कुंडीत लावला होतास. तो जगला का, एवढे मला लगेच कळव. जगला असेल, तर जूनमध्ये मी येते. त्याला फूल आले, तर बी धरते का ते आपण दोघी मिळून पाहू.

तुझी,
उषा