घुमटाचा एक ठोका

पर्वरी, गोवा

तीर्थरूप आई-बाबांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

मागच्या रविवारी जेवताना बाबांनी विचारले होते, "शब्द नाहीत, गाणारा नाही, मग हे संगीत कोणासाठी?" त्या वेळी मला धड उत्तर देता आले नाही, म्हणून आज सविस्तर लिहीत आहे.

शाळेतली नोकरी मी सोडलेली नाही, याबद्दल आईने निश्चिंत असावे. रात्री कामे आटोपल्यावर मी खाजन शेतीवरच्या, म्हणजे खाडीकाठी बांध घालून केलेल्या आपल्या शेतीवरच्या, एका छोट्या माहितीपटाला संगणकावर पार्श्वसंगीत देते आहे. त्यात 48 सेकंदांचा एक प्रसंग आहे. ओहोटी लागते, मानशीचे, म्हणजे बांधातल्या पाण्याच्या वाटेचे, लाकडी दार आतल्या पाण्याच्या दाबाने उघडते आणि खाजनातले पाणी नदीकडे धावते. हे दार 36 सेकंद पूर्ण होताच उघडते. चित्रपटात सेकंदाला 24 फ्रेम असतात. मिनिटाला 80 मात्रांची लय धरली, तर एक मात्रा 18 फ्रेमची होते, संपूर्ण प्रसंगात 64 मात्रा, म्हणजे सोळा मात्रांच्या त्रितालाची चार आवर्तने बसतात, आणि दार उघडते ते नेमके चौथ्या आवर्तनाच्या समेवर, पहिल्याच मात्रेवर. बाबा, हा हिशेब जमला तेव्हा ओसरीवर माझा हात धरून तुम्ही शिकवलेली टाळी आणि खाली मला आठवली.

त्या समेवर काय वाजवावे, हे मात्र आठवडाभर सुचेना. सिंथेसायझरचे तयार ठोके पोकळ वाटत होते. शेवटी गेल्या चवथीला आरतीच्या वेळी फोनवर घेतलेले तुमच्या घुमटाचे, त्या मातीच्या चर्मवाद्याचे, वादन काढले, त्यातला एक ठोका अर्ध्या गतीने वाजवला आणि तो एक सप्तक खाली उतरला. डाव्या तळहाताने तुम्ही घुमटाचे मागचे तोंड मिटता आणि उघडता, तेव्हा नाद जसा वळतो, तो त्या संथ आवाजात इतका स्पष्ट ऐकू आला की मी डोळे मिटून बराच वेळ तेच ऐकत बसले.

यंत्रांनी वादकांचे पोट मारले, हे तुमचे म्हणणे मी खोडून काढणार नाही. संगीतकार प्यारेलाल आणि आर. डी. बर्मन यांना व्हायोलिन शिकवणाऱ्या माजोर्ड्याच्या अँथनी गोन्साल्विस यांच्यासारख्या कितीतरी गोमंतकीयांनी मुंबईचे वाद्यवृंद उभे केले, आणि पुढे त्या वाद्यवृंदांतल्या खुर्च्या रिकाम्या झाल्या, याचे मलाही वाईट वाटते. म्हणूनच घुमटाचा आवाज मला बाजारातून विकत घ्यायचा नाही. तो तुमच्याकडून हवा आहे, श्रेयनामावलीत तुमचे नाव हवे आहे, आणि मिळणाऱ्या मानधनातला वाटाही तुम्ही घेतला पाहिजे.

फोनवरच्या ध्वनिमुद्रणात शामेळ आणि कांसाळे या साथीच्या वाद्यांचे आवाज मिसळलेले असल्यामुळे ते चित्रपटाला चालणार नाही. पुढच्या शनिवारी मी मायक्रोफोन घेऊन येते. आई, सकाळी घुमट थोडा वेळ उन्हात ठेवशील का? पावसाळी हवेने कातडे सैल पडले असेल.

तुमची,
बाय