ईशानच्या फुटबॉलबद्दल, आई-बाबांना

मिनीॲपोलिस

तीर्थरूप आई-बाबा,
सा. न. वि. वि.

निर्णय आधी सांगते, म्हणजे पुढचं सगळं पत्र धास्तीत वाचावं लागणार नाही. ईशान यंदा फुटबॉल, म्हणजे इथला अमेरिकन फुटबॉल, खेळणार आहे, पण फ्लॅग फुटबॉल. त्यात कुणी कुणाला आडवं पाडत नाही. कमरेला कापडी पट्ट्या लावलेल्या असतात, चेंडू घेऊन पळणाऱ्याची पट्टी ओढली की डाव तिथंच थांबतो. आठवी संपेपर्यंत एवढंच. हायस्कूलला गेल्यावर अंगावर जाऊन खेळायचा खरा फुटबॉल खेळायचा की नाही, हे तेव्हा आम्ही तिघं बसून ठरवू आणि तुम्हा दोघांचंही ऐकू.

बाबा, तुम्ही फोनवर म्हणालात, "पोराला माणसांवर धावून जायला शिकवताय?" आई, तू म्हणालीस, अभ्यास बुडेल. दोन्ही प्रश्न खरे आहेत आणि पाच मिनिटांच्या फोनवर उरकण्यासारखे नाहीत. म्हणून लिहायला बसले.

मला एका माणसाबद्दल सांगायचं आहे. त्याचं आडनाव तुम्ही कितीदा तरी ऐकलंय, कारण ते ईशानच्या शाळेच्या नावात आहे. जस्टिस पेज मिडल स्कूल. हे पेज म्हणजे आमच्या मिनेसोटा राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती ॲलन पेज. १९९३ ते २०१५ एवढी वर्षं ते त्या न्यायासनावर होते. त्याआधी १५ हंगाम त्यांनी व्यावसायिक फुटबॉल खेळला, आणि तोही ईशानला ज्या जागेचं वेड लागलंय नेमक्या त्याच जागी: डिफेन्सिव्ह लाइनवर. शाळेच्या भिंतीवर त्यांची माहिती आहे. तिथूनच हे सगळं सुरू झालं.

ही जागा म्हणजे काय, ते बाबांना लगेच कळेल. तुम्ही कबड्डीत उजवा कोपरा सांभाळायचात ना? चढाई करणाऱ्याच्या तोंडाकडे बघू नकोस, पायांकडे बघ, असं दादाला शिकवताना मी ऐकलंय. डिफेन्सिव्ह लाइनमनचं काम त्याच जातीचं. एक हात जमिनीला टेकवून चार जण रांगेत वाकलेले असतात. समोर हातभर अंतरावर पाच आडदांड गडी आणि त्यांच्या पाठीमागे क्वार्टरबॅक, ज्याच्या हातात चेंडू येतो आणि जो पुढचा डाव चालवतो. चेंडू हलला रे हलला की त्या पाच जणांच्या भिंतीतून वाट काढायची आणि त्यानं चेंडू फेकायच्या आत त्याला गाठायचं. जेमतेम दोन-तीन सेकंद मिळतात. चेंडूसकट त्याला पाडलं तर त्याला सॅक म्हणतात. पेज रांगेच्या मधल्या भागात, टॅकलच्या जागी खेळत. तिथं कित्येकदा एकाला अडवायला दोघं येतात, म्हणून संघ तिथं भरभक्कम माणूस ठेवतात. पेज उंच होते, पण त्या जागेच्या मानानं हलके. त्यांचं सगळं बळ पहिल्या पावलात होतं. समोरच्याचं वजन कुठल्या पायावर गेलंय हे ताडून ते निघालेले असत, आणि त्याला कळेपर्यंत ते त्याच्या बगलेतून पलीकडे गेलेले असत. जुनी चित्रफीत बघताना ईशान ती थांबवून थांबवून त्यांचं तेवढं एक पाऊल बघतो.

आई, तू मॉल ऑफ अमेरिकाला आली होतीस, चालून चालून पाय दुखले म्हणाली होतीस. त्या जागी पूर्वी मेट्रोपोलिटन स्टेडियम होतं, उघडं, छप्पर नसलेलं. मिनेसोटा व्हायकिंग्ज हा संघ तिथं डिसेंबरातसुद्धा खेळायचा. प्रशिक्षक बड ग्रँट मैदानाच्या कडेला शेगड्या ठेवू देत नसत. त्या गारठ्यात पेज, कार्ल एलर, जिम मार्शल आणि गॅरी लार्सन या चौघांची फळी उभी राहायची. जांभळ्या पोशाखामुळे त्यांना 'पर्पल पीपल ईटर्स' म्हणत. १९७१ साली असोसिएटेड प्रेस या वृत्तसंस्थेनं सबंध लीगमधला, म्हणजे एनएफएल या व्यावसायिक स्पर्धेतला, सर्वोत्तम खेळाडू म्हणून पेज यांची निवड केली. बचावातल्या खेळाडूला तो मान मिळण्याची ती पहिलीच वेळ होती. त्यानंतर आजवर तो आणखी एकाच बचावपटूला मिळालाय, १९८६ मध्ये लॉरेन्स टेलरला. १५ हंगामांत पेज सलग २१८ सामने खेळले, एकही चुकला नाही. व्हायकिंग्ज त्या काळात चारदा सुपर बोलला, म्हणजे लीगच्या अंतिम सामन्याला, पोचले आणि चारही वेळा हरले. आणखी एक गोष्ट मला फार लागते. सॅकची अधिकृत नोंद लीगनं १९८२ पासून ठेवायला घेतली, आणि पेज १९८१ चा हंगाम खेळून निवृत्त झाले. ज्या कामासाठी त्यांचं नाव झालं, त्याचा लीगच्या अधिकृत विक्रमांत आकडाच नाही.

पण हे सगळं वाचून ईशानला मी जे दाखवलं ते वेगळंच होतं. पेज यांचा जन्म १९४५ चा, ओहायोतल्या कँटन गावचा. पोलादाच्या कारखान्यांचं गाव. कृष्णवर्णीय मुलाला मोठं होऊन त्याच कारखान्यात त्याच त्या कामाला जुंपून घ्यायचं, ही वाट समोर आखलेलीच होती. त्यांना ती नको होती. लहानपणापासून मनात वकिली होती. शाळांमधला वर्णभेद घटनाबाह्य ठरवणारा १९५४ चा निकाल आला तेव्हा ते नऊ वर्षांचेही नव्हते, पण कायद्यानं काय होऊ शकतं हे त्यांना तेव्हापासून दिसत राहिलं. फुटबॉल त्यांना चांगला जमत होता, म्हणून नोत्र दाम विद्यापीठात शिकायला मिळालं. तिथून १९६७ ला व्हायकिंग्जनी घेतलं.

खेळाच्या ऐन भरात त्यांनी वकिलीचं शिक्षण घेतलं. आई, हे तुझ्यासाठी. पहिल्यांदा नाव घातलं तेव्हा ते टिकलं नाही, सोडून दिलं. मग मिनेसोटा विद्यापीठात पुन्हा गेले. सकाळी वर्ग, दुपारी सराव, रविवारी सामना, आणि १९७८ ला पदवी हातात. अंगात एवढं दुखत असताना करारकायद्याचे निकाल वाचायला किती जोर लागत असेल! इथं माझ्या ऑफिसात संध्याकाळचे वर्ग करणारे लोक आहेत, मी त्यांचे चेहरे बघते, त्यामुळे मला ते खरंच मोठं वाटतं. कायद्याचा उपयोगही त्यांनी तेव्हाच केला. खेळाडूला संघ बदलण्यापासून रोखणाऱ्या लीगच्या नियमाविरुद्ध जो खटला झाला, जॉन मॅकी यांच्या नावानं ओळखला जाणारा, त्यात फिर्यादी म्हणून पेजही होते. खेळाडू जिंकले.

त्याच सुमाराला त्यांच्या पत्नी डायान यांनी सिगारेट सोडण्यासाठी धावायला सुरुवात केली. त्यांच्याबरोबर हेही धावू लागले आणि धावण्याचे झालेच. वजन उतरलं. एवढ्या हलक्या माणसाचं या जागी काम नाही, असं म्हणून व्हायकिंग्जनी १९७८ च्या हंगामाच्या मध्यावर त्यांना सोडलं. शिकागो बेअर्सनी त्यांना उचललं आणि ते तिथं आणखी तीन वर्षांहून जास्त खेळले. मधेच १९७९ मध्ये त्यांनी पूर्ण मॅरेथॉन धावली. लीगमध्ये खेळत असताना मॅरेथॉन पुरी करणारे ते पहिलेच.

पुढे वकिली, मग राज्याच्या ॲटर्नी जनरलच्या कार्यालयात नोकरी. इथं न्यायाधीश निवडून येतात. १९९२ मध्ये पेज सर्वोच्च न्यायालयासाठी उभे राहायला निघाले, तर गव्हर्नरनी त्या जागेवरच्या न्यायमूर्तींची मुदत वाढवून निवडणूकच पुढे ढकलली. पेज कोर्टात गेले, निवडणूक घ्यावीच लागेल असा निकाल मिळवला आणि मग निवडून आले. मिनेसोटाच्या सर्वोच्च न्यायालयातले ते पहिले कृष्णवर्णीय न्यायमूर्ती. ७० वर्षं पूर्ण झाल्यावर नियमाप्रमाणे पायउतार झाले.

बाबा, तुम्ही हेडमास्तर होतात, म्हणून हा भाग तुमच्यासाठी जरा सावकाश लिहिते. कँटनमध्येच फुटबॉलचं हॉल ऑफ फेम आहे. ती इमारत बांधली जात होती तेव्हा तरुण पेज सुट्टीत तिथं मजुरी करत होते. १९८८ ला त्याच इमारतीत त्यांना सन्मानानं घेतलं. अशा वेळी आपली ओळख करून द्यायला खेळाडू बहुधा प्रशिक्षकाला नाही तर जुन्या सहकाऱ्याला बोलावतात. पेज यांनी मिनीॲपोलिसच्या नॉर्थ हायस्कूलच्या मुख्याध्यापिका विलारीन बीझली यांना बोलावलं. भाषण केलं ते शिक्षणावर. संघाच्या बैठकीत डावांचं पुस्तक मोठ्यानं वाचायची वेळ आली तेव्हा कॉलेजातून आलेल्या काही सहकाऱ्यांना ते धड वाचता येत नव्हतं, हे त्यांनी तिथं उभं राहून सांगितलं. एवढी वर्षं या मुलांना कुणीच वाचायला शिकवलं नाही, खेळता येतंय ना, मग पुढे ढकला, हा त्यांचा राग होता. त्याच वर्षी दोघा नवराबायकोंनी पेज एज्युकेशन फाउंडेशन सुरू केलं. वर्णानं अल्पसंख्य असलेल्या मिनेसोटातल्या मुलांना कॉलेजसाठी पैसे द्यायचे, पण एका अटीवर: घेणाऱ्यानं वर्षाला किमान ५० तास लहान मुलांचा अभ्यास घ्यायचा, त्यांच्यासोबत काम करायचं. ही अट मला देणगीपेक्षा मोठी वाटते. तुम्ही दहावीच्या मुलांना पाचवीच्या वर्गावर बसवायचात, त्यामागे हेच होतं ना? २०२० मध्ये त्यांनी इथल्या फेडरल रिझर्व्ह बँकेचे अध्यक्ष नील काश्करी यांच्याबरोबर आणखी एक मोहीम काढली: चांगलं सरकारी शिक्षण हा प्रत्येक मुलाचा मूलभूत हक्क आहे, असं राज्याच्या घटनेत लिहा. शिक्षकांच्या संघटनेनं विरोध केला आणि ती दुरुस्ती विधिमंडळात अडकली.

शाळेला पूर्वी अलेक्झांडर रॅम्झी यांचं नाव होतं. इथल्या मूळच्या डकोटा लोकांना या मुलखातून हाकलून द्या किंवा संपवा, असं म्हणणारा हा गव्हर्नर. मुलांनीच नाव बदलायची मागणी लावून धरली आणि २०१७ मध्ये पेज यांचं नाव दिलं गेलं. पुढच्या वर्षी त्यांना अमेरिकेचा सर्वोच्च नागरी सन्मान मिळाला, पण त्याच्या काही आठवडे आधीच डायान गेल्या होत्या.

एवढं सांगून मी थांबले असते तर ते तुम्हाला पटवण्यासाठी अर्धंच सांगणं झालं असतं. म्हणून फ्रेड मॅकनील यांच्याबद्दलही लिहिते. तेही व्हायकिंग्जचेच, १९७४ पासून १९८५ पर्यंत. पेज ज्या फळीत असत, तिच्या लगेच मागे उभे राहणारे लाइनबॅकर. त्यांनीही खेळता खेळता कायद्याची पदवी घेतली, चांगले वकील झाले. आणि मग ऐन उमेदीच्या वयात त्यांना विसर पडायला लागला. काम सुटलं, वागणं बदललं. २०१५ मध्ये ६३ व्या वर्षी गेले. मेंदू तपासला तेव्हा सीटीई निघाला. डोक्याला वर्षानुवर्षं बसलेल्या मारानं हा आजार होतो. बेशुद्ध पडण्याइतका मोठा मारच लागतो असं नाही, रोजचे लहान लहान धक्के साठत जातात. लाइनवरच्या खेळाडूला तर जवळजवळ प्रत्येक डावात धडक असते. माणूस जिवंत असताना याचं पक्कं निदान होत नाही. जेवढी वर्षं जास्त खेळाल तेवढा धोका जास्त, एवढं मात्र संशोधकांनी दाखवून दिलंय.

एकच संघ, एकच अभ्यास, दोघांचंही डोकं तल्लख. पेज ऐंशीच्या घरात असूनही खणखणीत आहेत, मॅकनील साठीतच संपले. शिकण्यानं माणूस मैदानाबाहेरही उभा राहतो हे पेज यांच्याकडे बघून मला पटतं, पण शिकण्यानं डोक्यावरचा मार चुकत नाही हे मॅकनील यांच्याकडे बघून दिसतं. दोन्ही एकाच वेळी खरं आहे आणि म्हणूनच आम्ही फ्लॅगवर थांबलो. निखिलला एवढंही नको होतं. आम्ही दोघांनी यावर बऱ्याच रात्री वाद घातला.

ईशानला मी मॅकनील यांचीही गोष्ट सांगितली. लहान आहे म्हणून लपवली नाही. तो बराच वेळ गप्प होता, मग त्यानं विचारलं की त्यांची मुलं तेव्हा केवढी होती. बारा वर्षांच्या मुलानं हा प्रश्न विचारला, याचं मला बरं वाटलं.

बाबा, माणसांवर धावून जाण्याबद्दल मी एवढंच म्हणेन की तुम्हीही चढाईवाल्याच्या घोट्यावर झेप घ्यायचात, आणि तुमच्याइतका मऊ मास्तर त्या शाळेत दुसरा नव्हता. आई, अभ्यासाचं बघते मी. दर शनिवारी तो शेजारच्या लहान मुलीला वाचून दाखवायला जातो. पेज फाउंडेशनच्या अटीचं ऐकल्यावर त्यानंच सुचवलं.

ऑक्टोबरात इथं मॅरेथॉन असते. न्यायमूर्ती पेज वर्षानुवर्षं रस्त्याच्या कडेला उभे राहून धावणाऱ्यांसाठी सूझाफोन वाजवत आलेत, आपल्याकडे लग्नाच्या बँडमध्ये अंगाभोवती गुंडाळलेला पितळी भोंगा असतो तो. यंदा ईशानला घेऊन जाणार आहे. खेळताना त्यांची करंगळी इतकी मोडली की ती आता काटकोनात उभी असते, ती त्याला बघायचीच आहे.

बाबा, येत्या रविवारी फोन करा तेव्हा ईशानशी तुम्हीच बोला. पायांकडे कसं बघायचं ते त्याला सांगा, आणि खेळण्याबद्दल तुमच्या मनात जे असेल तेही त्याला स्पष्ट सांगा. मी मधे बोलणार नाही. तो तुमचं ऐकतो.

आईच्या गुडघ्याचे नवीन फोटो बघून डॉक्टर काय म्हणाले ते कळवा. दादाला म्हणावं, रिपोर्ट मला पाठव. गोळ्या जेवणानंतरच घे, आई.

तुमची,
मीनल