माळाचा कागद करू नका

ठाणे

तीर्थरूप आई-बाबांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

आवणी कुठवर आली? आई फोनवर म्हणाली होती की खालची खाचरं उरकली आणि वरची दोन राहिलीत. बाबा, गुडघा दुखत असला तर चिखलात उतरू नका, बांधावरून सांगा.

त्याच फोनवर भाऊनं माळाचं सांगितलं. रस्त्याकडेचा आपला माळ पर्यटकांसाठी तंबू लावणाऱ्यांना 29 वर्षांच्या करारानं द्यायचा, दर वर्षाला ठरलेली रक्कम येणार, आणि आता बाबांची सही तेवढी राहिली आहे. रेंज सारखी जात होती आणि असलं बोलणं तुटक तुटक करायची माझी इच्छा नव्हती, म्हणून हे पत्र. बाबा, सही करू नका. का ते सगळं लिहिते. आई, भाऊला सांग तुला मोठ्यानं वाचून दाखवायला, कारण त्या माळावर तुझा घाम सगळ्यांत जास्त गळलाय.

मी कामावर जाते त्या वाटेवर ठाण्याचं कारागृह लागतं. 2 मे 1848 ला इथंच, इंग्रजांविरुद्ध उठलेल्या राघोजी भांगऱ्यांना फाशी दिली. देवगावचा माणूस, आपल्याच डोंगरातला. बाबा, तुम्ही लहानपणी त्यांच्या गोष्टी सांगायचात त्यात डोंगरातल्या आडवाटा असायच्या, बदललेले वेश असायचे, आणि शेवटी पंढरपुरात पकडले जाणं असायचं. आम्ही भावंडं डोळे मोठे करून ऐकायचो. मात्र ते बंड पेटलं कशावरून, हे गोष्टीत मागं राहायचं. आजच्या बोलण्याला तेच लागू आहे.

1818 ला पेशवाई बुडाली आणि किल्ले इंग्रजांच्या हातात गेले. डोंगरी किल्ल्यांची राखण करण्यावर आपल्या कितीतरी घरांची पोटं होती. ते तनखे, ते हक्क कमी झाले, काहींचे बंदच झाले. शेतसारा मात्र रोख भरायचा. डोंगरात रोख पैसा येणार कुठून? तो सावकाराकडून आला. सावकार कागदावर अंगठा उठवून घेई, व्याजावर व्याज चढे, मग कोर्टाचा हुकूमनामा येई आणि खाचर त्याच्या नावावर. जमीन कुणी तलवारीनं नेली नाही. ती कागदावर गेली, आणि देणाऱ्याला त्यावर काय लिहिलंय ते वाचताही येत नव्हतं. राघोजींच्या आधी रामा किरवा उठला, त्याला 1830 ला नगरला फाशी झाली. राघोजींच्या नंतर, 1873 च्या पुढं, जुन्नरच्या अंगाला होनाजी केंगले उठले. बंडकऱ्यांनी सावकारांची नाकं कापल्याचं इंग्रजांच्या गॅझेटिअरात लिहून ठेवलेलं आहे. ते वाचताना अंगावर काटा येतो. पण राग कुणावर होता आणि कशापायी होता, हे त्यातून लख्ख दिसतं. 1875 ला तिकडं पुणे जिल्ह्यात सुप्याला शेतकरी उठले तेव्हा त्यांनीही सावकारांच्या घरातली खतं आणि रोखेच बाहेर काढून जाळले.

मग धरण आलं. भंडारदऱ्याचं काम 1910 ला सुरू झालं आणि 1926 ला पुरं झालं. अकरा टीएमसी, म्हणजे अकरा अब्ज घनफूट पाणी आपल्या खोऱ्यात साठतं. त्यासाठी खोऱ्यातली सखल, काळी, चांगली जमीन बुडाली. पाणी प्रवरेच्या कालव्यांनी खाली राहुरी-श्रीरामपूरकडं गेलं, ऊस उभा राहिला, आणि 1950 च्या सुमाराला लोणीला विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळांनी सहकारी साखर कारखाना उभा केला, ज्याचं नाव देशभर झालं. खालच्या शेतकऱ्याचं भलं झालं याचं मला वाईट वाटत नाही, तोही कष्टाचाच माणूस. पण घाटघर-रतनवाडीच्या अंगाला वर्षाला पाच हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो आणि आई, तू वैशाखात एका हंड्यासाठी झऱ्याशी ताटकळत बसायचीस. पाण्याच्या काठावर राहून आपण तहानलेले राहिलो. धरणाच्या वेळी आपल्या माणसांना कुणी विचारलं नव्हतं. या वेळी निदान सही तुमच्या हातात आहे.

आता कायद्याचं, ते नीट ऐका. 1974 पासून महाराष्ट्रात आपल्यासारख्या आदिवासीची जमीन बिगर-आदिवासीला अशी परस्पर देता येत नाही. विक्री, बक्षीस, गहाण, भाडेपट्टा, सगळ्यालाच परवानगी लागते. पाच वर्षांपर्यंतचा भाडेपट्टा किंवा गहाण असेल तर जिल्हाधिकाऱ्यांची, आणि त्यापुढं काहीही असेल तर जिल्हाधिकाऱ्यांच्या परवानगीला राज्य सरकारचीही मंजुरी. 29 वर्षांचा करार स्टँपपेपरवर लिहून शेंडीच्या बाजारात सही करण्याची गोष्टच नाही ही. तंबूवाल्यांना हे ठाऊक नसेल असं मला वाटत नाही. म्हणूनच ते म्हणतात ना, की कागद आपल्यातल्याच एका पोराच्या नावानं करू? बाबा, ही पळवाट आहे. नाव आपल्या माणसाचं, पैसा दुसऱ्याचा, आणि उद्या भांडण निघालं तर सातबारा घेऊन कचेरीच्या पायऱ्या झिजवायच्या तुम्ही. राघोजींच्या पिढीला कायद्याचा आधार नव्हता, तो आपल्याला आहे. आपणच तो ओलांडून पलीकडं जायचं का?

आणि माळ म्हणजे पडीक जमीन, असं भाऊ म्हणाला ते मला फार लागलं. तो पडीक नाही, विसाव्याला सोडलेला आहे. आई, तूच शिकवलंस मला: पहिल्या वर्षी नागली, दुसऱ्या वर्षी वरई, तिसऱ्या वर्षी खुरासणी, आणि मग जमिनीला निजू द्यायचं. उन्हाळ्यात ऐनाच्या फांद्या तोडून आणायच्या, वाळलेलं शेण पसरायचं, त्यावर फांद्या, त्यावर पालापाचोळा, वर मातीचा पातळ थर, आणि वारा पडल्यावर वरच्या कडेकडून पेटवायचं, म्हणजे राब, रोपं वाढवायची ती जागा, सावकाश, खालपर्यंत भाजतो. तो करडा-काळा चौकोन, त्यातून वर येणारा मातीचा कढत वास, आणि पहिल्या सरींनंतर आठवड्याभरात त्यावर फुटलेली नागलीची लव. तू दोन बोटांनी रोप उपटायचीस, मूळ तुटू न देता, आणि मुळाची माती पायाच्या नडगीवर झाडायचीस. मी किती वेळा करून पाहिलं तरी माझी मुळं तुटायचीच. हे ज्ञान कुठल्या कॉलेजात मिळत नाही. कोंभाळण्याच्या राहीबाई पोपेरे आपल्याच अकोले तालुक्यातल्या. घेवडा, वाल, भात यांची गावठी बियाणी त्यांनी जपली आणि 2020 ची पद्मश्री त्यांना मिळाली. त्यांच्या घरात जी मडकी आणि गाडगी आहेत, तसलीच तुझ्या उतरंडीत आहेत. काळभाताचं बी अजून आपल्याकडं आहे ना? थोडं राखेत घालून वेगळं ठेव, माझ्यासाठी.

माळाच्या वरच्या टोकाला वाघोबा आहे. शेंदूर फासलेला तो दगड, त्यावर कोरलेला वाघ आणि वर चंद्र-सूर्य. वाघबारसेला गुराखी पोरं घरोघर फिरून तांदूळ-दूध मागून आणतात, तिथंच खीर शिजते, एकाला वाघ करून पळवतात, आणि वाघोबाला सांगितलं जातं की आमच्या गुरांकडं बघू नकोस. तंबू लागले, कुंपण पडलं, तर ती पोरं कुठून जाणार? करारात वाघोबाची वाट लिहिलेली आहे का, हे भाऊला विचारा. माझी खात्री आहे, नाही.

भाऊवर रागावू नका. त्याचं चुकतंय असं मी म्हणत नाही. मे-जूनमध्ये काजव्यांसाठी गाड्यांची रांग लागते, सांदण दरीला, रतनगडाला पोरं येतात, आणि आपली माणसं त्यांच्या जेवणाची भांडी घासतात. पैसा दिसतो आणि हाती लागत नाही, याचा त्याला वीट आलाय. म्हणून मी त्याला वेगळं सांगणार आहे. घराच्या मागच्या पडवीत दोन खोल्या काढू. येणाऱ्याला नागलीची भाकर, कुळथाचं पिठलं आणि नवा काळभात वाढू, रतनवाडीच्या अमृतेश्वराच्या खांबांवरचं कोरीवकाम दाखवू, कळसूबाईची गोष्ट सांगू: कामाला राहताना केर आणि भांडी करणार नाही असं आधीच ठरवून आलेली मुलगी, आणि शब्द मोडला गेला तेव्हा डोंगर चढून निघून गेली. ती आपलीच पोर. काजवे बघायला आलेल्यांनी दिवे मालवून, झाडं न हलवता बघावं, हेही आपण आपल्या अंगणातून ठणकावून सांगू शकतो. दुसऱ्याच्या तंबूत नोकरी करून नाही. पहिल्या खोलीचे पत्रे आणि भिंती माझ्या पगारातून. हे उपकार नाहीत. मला शिकवायला बाबांनी डांगी बैलांची जोडी विकली होती, राजूरच्या प्रदर्शनात ज्या जोडीकडं लोक वळून बघायचे ती.

तर आता एवढं करा. तंबूवाल्यांना सांगा, मुलीला विचारल्याशिवाय होणार नाही. त्यांनी आगाऊ म्हणून काही दिलं असलं तर ते चार माणसांसमोर परत करा आणि पावती घ्या. माळाचा ताजा सातबारा आणि फेरफार तलाठ्याकडून काढून ठेवा. आई, ते कागद बाबांच्या पिशवीत नको, तुझ्या पेटीत ठेव. आवणी झाली की भाऊला घेऊन राजूरच्या आदिवासी प्रकल्प कार्यालयात जा आणि राहण्याच्या खोल्यांसाठी काही योजना आहे का ते विचारा. कागद लागतील त्यांची यादी मला फोटो काढून पाठवायला सांगा.

मी वाघबारसेच्या आदल्या दिवशी येते, चांगली आठ दिवस राहीन. खोल्यांची आखणी तेव्हाच करू. बाबांच्या गुडघ्याचं तेल आणि आईचा चष्मा बरोबर आणते. आई, जुन्या चष्म्याचा नंबर भाऊकडून कळव.

तुमची लेक