म्वालिमू हे आडनाव नव्हे

मा. संपादक महोदय,
स. न. वि. वि.

काल, १४ ऑक्टोबरला, ज्युलियस न्येरेरे यांच्या पुण्यतिथीनिमित्त आपण 'आफ्रिकेचे गांधी' हा लेख अर्धे पान देऊन छापला. टांझानियाच्या पहिल्या अध्यक्षांची मराठी वृत्तपत्राला आठवण झाली, या आनंदात मी चष्मा पुसून वाचायला बसलो, पण तो आनंद छायाचित्रापर्यंतसुद्धा टिकला नाही, कारण आपण छापलेले छायाचित्र झांबियाच्या केनेथ काउंडा यांचे आहे. त्यांच्या हातातला पांढरा रुमालच ते सांगतो. काउंडा सभेत काय आणि विमानतळावर काय, तो रुमाल सहसा सोडत नसत. दोघे शेजारी होते, स्नेही होते, चीनच्या मदतीने दोघांनी आपापल्या देशांना जोडणारा रेल्वेमार्गही बांधून घेतला, हे सर्व खरे. तरीही एकाच्या श्राद्धाला दुसऱ्याच्या तसबिरीला हार घालू नये, एवढी अपेक्षा वर्गणीदाराने ठेवावी की नाही?

लेखात तीन ठिकाणी 'श्री. म्वालिमू' असे लिहिले आहे. म्वालिमू हे आडनाव नव्हे. स्वाहिलीत म्वालिमू म्हणजे शिक्षक, आणि ज्या अरबी धातूपासून आपली 'तालीम' आली त्याच धातूपासून हाही शब्द आला आहे. मकेरेरे आणि एडिंबरा येथे शिकून आलेले न्येरेरे दार-एस-सलामजवळच्या पुगू येथील शाळेत शिकवत असत आणि राजकारण की नोकरी असा प्रश्न आला तेव्हा १९५५ मध्ये त्यांनी नोकरी सोडली; लोकांनी मात्र त्यांना शेवटपर्यंत मास्तरच म्हटले. हे मी पुस्तकात वाचून सांगत नाही. १९७२ ते १९७६ या काळात मी शिन्यांगा भागातील एका सरकारी माध्यमिक शाळेत करारावर गणित शिकवत होतो, आणि त्या चार वर्षांत मलाही सारे म्वालिमूच म्हणत. आठवड्यातून दोन दुपारी हातात कुदळ घेऊन मुलांबरोबर शाळेच्या शेतात कापूस खुरपणारा, पहिले सहा महिने तळहाताला फोड आलेला म्वालिमू. शिक्षण स्वावलंबी असावे हे त्या सरकारचे धोरण होते आणि ते मला तेव्हाही पटत होते.

ज्या वाक्यामुळे रात्री झोप लागली नाही आणि हे पत्र लिहायला बसलो, ते वाक्य लेखाच्या मध्यभागी आहे. नेत्याच्या एका हाकेसरशी लाखो शेतकरी आपली विखुरलेली घरे सोडून 'आनंदाने' नव्या सामुदायिक गावांत राहायला आले, असे आपले लेखक लिहितात. समाजवाद आणि स्वावलंबन हे देशाचे धोरण ठरवणाऱ्या १९६७ च्या आरुशा जाहीरनाम्यानंतर 'उजामा'ची, म्हणजे कुटुंबभावाने एकत्र राहण्याची आणि एकत्र कसण्याची कल्पना मांडली गेली तेव्हा ती ऐच्छिक होती, हे बरोबर आहे. पण ऐच्छिक होती तोवर फारसे कोणी आले नाही, हेही तितकेच बरोबर आहे. म्हणून नोव्हेंबर १९७३ मध्ये न्येरेरे यांनीच जाहीर केले की गावात राहणे हा यापुढे हुकूम समजावा, आणि १९७६ अखेरची मुदत घातली. सरकारी हिशेबाप्रमाणे एक कोटीहून अधिक माणसे त्या गावांत मोजली गेली. आनंद मोजण्याची सोय त्या हिशेबात नव्हती.

१९७४ चा कोरडा हंगाम होता. त्या भागातल्या सुकुमा जमातीच्या लोकांची घरे आपल्या कोकणातल्या घरांहूनही सुटी सुटी असत: भोवती शेराचे कुंपण, आत गुरांचा गोठा, आणि पुढचे घर हाकेच्याही पलीकडे. जिल्हा कचेरीने आमच्या शाळेचा ट्रक चार दिवसांसाठी मागून नेला, माल चढवायला वरच्या वर्गातली मुले नेली, आणि मुलांबरोबर एक शिक्षक असावा म्हणून मला धाडले. रडारड, आरडाओरडा असे काही झाले नाही, आणि त्यामुळेच ते अधिक अवघड वाटले. एका म्हातारीने भांडी, मका, पाय बांधलेल्या कोंबड्या, सगळे मुलांना उचलू दिले. दाराला मात्र हात लावू दिला नाही. घर कुडाचे होते, दार तेवढे लाकडी, आणि त्याला बिजागरी म्हणून सायकलच्या टायरचे तुकडे ठोकलेले. ते दार तिने स्वतः उतरवले आणि ट्रकवर बसल्यावर मांडीवर आडवे घेतले. ट्रक वळतो न वळतो तोच मागे राहिलेल्या माणसांनी छप्पर ओढायला सुरुवात केली, कारण छप्पर शाबूत राहिले की लोक रात्री परत येतात, असे मला बरोबरच्या कारकुनाने समजावून सांगितले. नव्या जागी जमिनीवर आखलेल्या रेघा होत्या आणि आकडे घातलेल्या खुंट्या होत्या. पाणी अर्ध्या कोसावर होते. माझ्या मामांचे घर कोयनेच्या शिवसागरात गेले तेव्हा त्यांनीही दाराची चौकट काढून आणली होती आणि नव्या वस्तीत ती कित्येक वर्षे भिंतीला टेकून नुसतीच उभी होती, त्यामुळे त्या म्हातारीकडे मला फार वेळ पाहवले नाही.

पुढच्या सोमवारी वर्गात एक मुलगा उभा राहिला. तो तिचा नातू आहे हे मला तोवर ठाऊक नव्हते. त्याने विचारले, "म्वालिमू, हे म्वालिमूंना माहीत आहे का?" मी परदेशी, करारावर आलेला, दर दोन वर्षांनी मुदतवाढीचा अर्ज करणारा माणूस; मी त्याला वर्गसमीकरणांचे पान उघडायला सांगितले.

म्वालिमूंना माहीत होते. आपल्या लेखाने जे दडवले ते खुद्द न्येरेरे यांनी दडवले नव्हते, ही माझी खरी तक्रार आहे. आरुशा जाहीरनाम्याला दहा वर्षे झाली तेव्हा, १९७७ मध्ये, त्यांनी स्वतः अहवाल लिहिला आणि आपला देश अद्याप समाजवादीही नाही आणि स्वावलंबीही नाही, असे त्यात स्पष्ट नोंदवले. सत्तेवर असताना स्वतःच्याच उत्तरपत्रिकेवर असा लाल शेरा मारणारे राज्यकर्ते मी फार पाहिलेले नाहीत. आपल्या लेखकांनी मात्र तो शेरा खोडून पैकीच्या पैकी गुण दिले. याला आदर म्हणतात का, हे आपणच ठरवावे.

'आफ्रिकेचे गांधी' या मथळ्याबद्दल थोडेच लिहितो. भारत सरकारने १९९५ चा पहिला गांधी शांतता पुरस्कार न्येरेरे यांना दिला आणि तो योग्यच होता. परंतु पुरस्काराने कोणी गांधी होत नाही. विनाचौकशी स्थानबद्धतेचा कायदा त्यांच्याच राजवटीत १९६२ मध्ये झाला, पुढे एकच पक्ष कायद्याने उरला. युगांडाचा हुकूमशहा इदी अमीन याच्या सैन्याने १९७८ मध्ये टांझानियातला कागेराचा भाग बळकावला, तेव्हा त्यांनी उपोषण केले नाही, सैन्य पाठवले, आणि ते सैन्य एप्रिल १९७९ मध्ये थेट युगांडाच्या राजधानीत, कंपालात पोहोचले. माझ्या मते ते युद्ध न्याय्य होते. मग गांधींचे उसने उपरणे त्यांच्या खांद्यावर टाकण्याची गरजच काय?

तीच गोष्ट 'सत्तात्यागा'ची. १९८५ मध्ये त्यांनी अध्यक्षपद स्वेच्छेने सोडले, हे त्या काळात खरोखरच दुर्मिळ होते. पण दुसऱ्याच दिवशी ते बुटियामाला, आपल्या जन्मगावी, जाऊन शेतीत रमले हे चित्र खोटे आहे, कारण पक्षाचे अध्यक्षपद त्यांच्याकडे १९९० पर्यंत होते. याच काळात ते विकसनशील देशांच्या दक्षिण आयोगाचे अध्यक्ष होते आणि त्या आयोगाचे महासचिव होते डॉ. मनमोहन सिंग. मराठी वाचकाला याहून जवळचा दुवा कोणता हवा होता? त्याला एक ओळ मिळाली नाही आणि न्येरेरे यांच्या साध्या पोशाखाला मात्र अख्खा परिच्छेद मिळाला.

मी त्यांचा निंदक नाही. शंभराहून अधिक जमातींच्या देशात एक भाषा सर्वांची झाली, आमच्या शाळेत कोणी कोणाला जमात विचारत नसे, म्हाताऱ्या बायका संध्याकाळी पाटी घेऊन अक्षरे गिरवत, हे मी पाहिले आहे आणि त्याचे श्रेय त्यांचेच आहे. त्याच बायकांमध्ये ती दारवालीही बसत असेल.

जाता जाता माझी एक जुनी तक्रार. गेल्या पावसाळ्यात आपण माझे पत्र छापले, त्यात जागेअभावी एकच 'नाही' गळला, आणि ज्या प्रस्तावाला मी विरोध केला होता त्याचा मी जाहीर समर्थक ठरलो. सकाळी बरोबर फिरणारे दोघे अजून माझ्याशी बोलत नाहीत. तेव्हा या पत्राला कात्री लावायचीच असेल तर माझे कुदळपुराण कापावे, 'हुकूम' हा शब्द आणि त्या मुलाचा प्रश्न कापू नये.

छायाचित्राची दुरुस्ती त्याच पानावर आणि तेवढ्याच आकारात यावी, ही विनंती. संग्रहात न्येरेरे यांचे चित्र नसल्यास माझ्याकडे टांझानियाचे एक शिलिंगाचे जुने नाणे आहे, त्यावर त्यांचा चेहरा अजून स्पष्ट दिसतो. कार्यालयातून कोणी आल्यास दाखवीन. टपालाने पाठवणार नाही.

आपला,
एक निवृत्त गणित शिक्षक, सातारा