हाऊलंड बेट शिकवताना

बेळगाव

चि. सायलीस अनेक आशीर्वाद.

नववीच्या वर्गाला हाऊलंड बेट सांगणार आहेस, तर सुरुवात वैमानिक अमेलिया इअरहार्टपासून करू नकोस. पोरं विमानातच अडकतील. पावसापासून कर. त्या बेटाचं सगळं काही पाऊस न पडण्यानंच ठरलं आहे.

प्रशांत महासागरात, हवाईतल्या होनोलुलूच्या नैर्ऋत्येला सुमारे ३,१०० किलोमीटरवर, विषुववृत्ताच्या जेमतेम उत्तरेला हे बेट. लांबी अडीच किलोमीटरच्या आत, रुंदी एकाहून कमी, उंची फार तर सहा मीटर. खचलेल्या ज्वालामुखीवर प्रवाळांनी रचलेला चुनखडक. मध्ये खाजण नाही. तिथे समुद्रातलं खोलवरचं थंड पाणी वर येतं, म्हणून पाऊस कमी. खानापूरच्या पावसात पक्ष्यांची विष्ठा टिकली नसती. हाऊलंडवर ती शतकानुशतकं साचली. हाच ग्वानो. त्यात स्फुरद भरपूर, उसाला आपण सुपर फॉस्फेटमधून देतो तेच. अमेरिकेनं १८५६ मध्ये अशी बेटं ताब्यात घ्यायचा कायदाच केला आणि १८७८ पर्यंत इथला ग्वानो खणून नेला.

गोड्या पाण्याचं मात्र फळ्यावर चित्र काढून दाखव. प्रवाळ बेटात मुरलेलं पावसाचं पाणी हलकं, म्हणून खाऱ्या पाण्यावर तरंगतं. समुद्रपातळीच्या वर ते एक फूट असेल, तर खाली साधारण चाळीस फूट असतं. म्हणजे जास्त उपसा करून पातळी फूटभर उतरली, तर खालचं खारं पाणी हळूहळू चाळीस फूट वर सरकतं. आपल्याकडे बोअर आटते, तिथे विहीर खारट होते. हाऊलंड अरुंद आणि त्यात कोरडं, त्यामुळे पिण्याजोगा थर धरतच नाही. बंदर नाही, नांगर टाकायला जागा नाही. पश्चिमेच्या किनाऱ्याला लहान होडी कशीबशी लागते.

तरी १९३५ मध्ये हक्क दाखवायला अमेरिकेनं हवाईचे तरुण तिथे वसवले. १९३७ मध्ये धावपट्टी झाली. २ जुलैला इअरहार्ट न्यू गिनीतल्या ‘ले’ गावाहून हाऊलंडकडे निघाली. अंतर ४,१०० किलोमीटर. किनाऱ्याजवळ थांबलेल्या ‘इटास्का’ जहाजावर तिचा आवाज येत होता, पण दोन्हीकडून बोलणं जमलं नाही. ती पोहोचलीच नाही.

जगाला तिचं नाव पाठ आहे. ८ डिसेंबर १९४१ च्या जपानी बॉम्बहल्ल्यात तिथे मेलेल्या दोन तरुणांची नावंही मुलांना जरूर सांग: रिचर्ड व्हेली आणि जोसेफ केलिइहानानुई. उरलेल्यांना पुढच्याच वर्षी हलवलं. १९७४ पासून बेट राखीव अभयारण्य आहे, परवानगीशिवाय उतरता येत नाही.

आईचे आशीर्वाद.

तुझा,
बाबा