८० किलोमीटरवालं मॉड्यूल घेऊ नकोस

प्रिय मिलिंद,

काल फोनवर तुझ्या फायबर लिंकच्या मॉड्यूलचं, म्हणजे स्विचमध्ये घालायच्या लाइट फेकणाऱ्या आणि वाचणाऱ्या एसएफपीचं, बोलणं चाललं होतं. तू म्हणालास, "बावीस किलोमीटरच आहे ना, मग ८० वालंच घेऊन टाकतो, परत कटकट नको", आणि तेवढ्यात तुझी रेंज गेली. मला रात्री झोप लागेना बघ, म्हणून सगळं लिहूनच काढतोय. ऑर्डर दिली नसशील तर दोन दिवस थांब.

मॉड्यूल घेताना स्टिकरवरचे किलोमीटर नाही बघायचे रे, डेटाशीटमधले तीन आकडे बघायचे. ते किती लाइट फेकतं, त्याला कमीत कमी किती लागते आणि जास्तीत जास्त किती झेपते. तिसऱ्या आकड्याकडे आपल्या लाइनीत कोणी बघतच नाही, आणि मी तिथंच मार खाल्लाय. एका दवाखान्याची ४ किलोमीटरची लिंक होती, १जीची (सेकंदाला १ गिगाबिट), घरात ८० किलोमीटरवाली, १५५० नॅनोमीटर लाइटची जोडी पडून होती ती लावली. लिंक लगेच अप. डीडीएममध्ये, म्हणजे मॉड्यूल स्वतः मोजून दाखवतं त्या आकड्यांत, आरएक्स (येणारी लाइट) प्लस १ डीबीएम दाखवत होतं आणि मला वाटलं वा, भरपूर लाइट येतेय, लिंक एक नंबर. त्या मॉड्यूलला झेपायची मर्यादा होती मायनस ३ (आकडा जितका जास्त मायनस तितकी लाइट कमी). मग तक्रारी सुरू, व्हिडिओ कॉल तुटतो, रिपोर्ट अपलोड होत नाहीत, पिंग मात्र बरा. मी पॅचकॉर्ड बदलली, पोर्ट बदलला, स्विचसुद्धा बदलला, सीआरसी एरर (खराब झालेला डेटा) वाढतच होते, आणि तिसऱ्या महिन्यात एका बाजूचा रिसिव्हरच गेला. डोळ्यावर टॉर्च मारल्यावर माणसाला दिसायचं बंद होतं ना, तसंच असतं ते.

आता तुझ्या लाइनीचा हिशोब बघ. तुला १०जी पाहिजे, २२ किलोमीटर, जॉइंट साधारण ८, दोन्हीकडचे मिळून ४ कनेक्टर. १३१० नॅनोमीटरच्या लाइटवर किलोमीटरला ०.३५ डीबी (लाइट कमी होण्याचं माप) जातात, म्हणजे नुसत्या फायबरचेच ७.७. एलआर म्हणजे १० किलोमीटरवालं मॉड्यूल कमीत कमी मायनस ८.२ फेकतं आणि त्याला मायनस १४.४ तरी लागते, म्हणजे हातात फक्त ६.२ डीबी. एलआर बाद. १५५० वर किलोमीटरला ०.२५ धर, फायबरचे ५.५, जॉइंटला ०.१ प्रमाणे ०.८, कनेक्टरला अर्धा अर्धा म्हणजे २, टोटल ८.३. ईआर म्हणजे ४० किलोमीटरवालं कमीत कमी मायनस ४.७ फेकतं, समोर पोचते मायनस १३, आणि ते मायनस १५.८ पर्यंत वाचतं. पावणेतीन डीबी शिल्लक राहतात. जास्तीत जास्त प्लस ४ फेकलं तरी समोर मायनस ४.३ पोचते, त्याची वरची मर्यादा मायनस १, म्हणजे तिथंही बसतं. ८० वाल्याचं बघ, तेही प्लस ४ पर्यंत फेकतं आणि बहुतेकांना मायनस ७ च्या वर झेपत नाही, म्हणजे तुझ्या २२ किलोमीटरला ते ओव्हरलोड होणार, वर ५ डीबीचा ऍटेन्युएटर लावायला लागणार. पैसे जास्त देऊन लाइट कमी करत बसायचं, कशाला?

ती पावणेतीन डीबी मात्र जपून ठेव. तुमच्याकडं पावसात झाड पडणार, रस्त्याच्या कामात केबल तुटणार, दर वेळी एकाच्या जागी दोन जॉइंट वाढणार. बॉक्समध्ये फायबर घट्ट वळवलेली असेल तर १५५० ला तिथं जास्त लॉस होतो, १३१० ला तेवढा जाणवत नाही, म्हणून ओटीडीआर (लाइनीत कुठं किती लाइट जाते ते दाखवणारं मशीन) १५५० वर पण मारून घे.

वाडीवरच्या १जी लिंकसाठी एकच कोर, म्हणजे एकच फायबर, आहे म्हणालास, तिथं बायडाय टाक, ते एकाच फायबरवर दोन्ही दिशांना लाइट चालवतं. फक्त जोडी नीट बघ, एका टोकाला टीएक्स (फेकायची लाइट) १३१० आणि आरएक्स १५५० असेल तर दुसऱ्याला टीएक्स १५५० आणि आरएक्स १३१० पाहिजे. दोन्हीकडं सारखंच लावून रात्रभर पोलखाली उभी राहिलेली पोरं मी बघितलीयत. आणि तिथल्या पत्र्याच्या कॅबिनेटमध्ये मे महिन्यात हात लावून बघ एकदा, साधं मॉड्यूल ७० डिग्रीपर्यंतचं असतं, तिथं इंडस्ट्रियल घे, ते ८५ पर्यंत चालतं.

स्विचचं मॉडेल सांगून मॉड्यूलचं त्यासाठीचं कोडिंग करून घे, नाहीतर बरेच स्विच मॉड्यूल ओळखतच नाहीत. पॅचकॉर्ड निळ्या कनेक्टरचीच, हिरवी एपीसी एसएफपीत घालू नको, तिचं टोक ८ डिग्री तिरकं असतं, नीट टेकत नाही.

आणि पुसणं. हे मी हात जोडून सांगतोय. गेल्या जुलैत एक लिंक मायनस १७ ला आली होती, सगळे म्हणाले जॉइंट गेला, स्प्लायसिंगवाल्याला बोलवा. मी कनेक्टर मायक्रोस्कोपखाली धरला तर बरोबर मधोमध, फायबरच्या त्या ९ मायक्रॉनच्या गाभ्यावर, बोटाच्या तेलाचा डाग, इंद्रधनुष्यासारखा चमकत होता. क्लीनरची एकदा टकटक केली, परत बघितलं, स्वच्छ, लावलं आणि मायनस ११. नवीन पॅचकॉर्डपण पुसूनच लाव, पिशवीतून काढलेली असली तरी. आणि पोर्टात डोळा घालू नको, ही लाइट दिसत नाही पण असते.

लिंक चालू झाली की पहिल्या दिवशीचे दोन्हीकडचे टीएक्स, आरएक्स, टेंपरेचर कॅबिनेटच्या दारावर आतून लिहून ठेव, तारीख घालून. ओटीडीआरचा फोटो आला की मी परत हिशोब लावतो, मगच ऑर्डर दे. ईआरच्या दोन नाही, तीन नग घे, एक स्पेअर. काकूंना नमस्कार सांग.

तुझा,
सुहास