उघडं ठेवलेलं पाकीट

टोकियो, 2 नोव्हेंबर 2014

ती. आई-बाबांस साष्टांग नमस्कार.

बाबा, तुमचा तपकिरी स्वेटर मी इकडे येताना हट्टाने आणला होता ना, तो सध्या माझ्याजवळ नाही. इथे रोप्पोंगीत 53व्या मजल्यावर मोरी नावाचं कला संग्रहालय आहे. तिथल्या एका टेबलावर तो घडी घालून ठेवलाय, आणि त्याचा दोरा भिंतीपर्यंत गेलाय.

ली मिंगवेई या तैवानी कलाकाराचं प्रदर्शन लागलंय. लोक येतात, काही करतात, एकमेकांशी बोलतात, तीच त्याची कला. एका दालनात भिंतभर रंगीत दोऱ्यांची रिळं आणि एक लांब टेबल. फाटका कपडा घेऊन जायचं. समोरचं माणूस तो शिवतं आणि शिवता शिवता बोलतं. आई, तुझं रफू शोधूनही सापडत नाही. इथे मात्र टाके मुद्दाम ठसठशीत घालतात. तुमच्या स्वेटरच्या कोपरावर आता नारिंगी फूल उमललंय. 11 सप्टेंबर 2001 ला न्यूयॉर्कचे जुळे मनोरे कोसळले, त्यातून मिंगवेईचा जोडीदार वाचला. त्या काळजीत मिंगवेई घरातले कपडे शिवत बसला. पुढे 2009 मध्ये त्यातून हे काम झालं.

शिवणाऱ्या मुलीने विचारलं, "कुणी विणला?" "आजीने," म्हटलं आणि पुढे बोलवेना. तिने सुई खाली ठेवली. काही विचारलं नाही, नुसती थांबली.

मग मी पत्रांच्या दालनात गेले. लाकूड आणि दुधी काचेच्या तीन छोट्या खोल्या. एकीत उभं राहून लिहायचं, एकीत बसून, एकीत गुडघे टेकून. मिंगवेईची आजी गेली तेव्हा तिला सांगायचं बरंच राहून गेलं होतं, म्हणून तो दीड वर्ष तिला पत्रं लिहीत राहिला. 1998 मधलं हे काम त्यातूनच आलं. पाकीट बंद करून पत्ता घातला तर संग्रहालय पोस्टात टाकतं. उघडं ठेवलं तर कुणीही वाचावं.

मी आजीला लिहिलं. तिच्या दिवसांना मी आले नाही, रजा नाही म्हणाले. आई-बाबा, रजा मिळत होती. ओसरीवरची तिची रिकामी खाट बघायचं बळ माझ्यात नव्हतं. तुम्हाला खोटं सांगितलं, त्याची माफी तुमच्याकडेही मागते.

पाकीट उघडंच ठेवलं. टोकियोत मराठी कोण वाचणार! पण एक वयस्क बाई ते पत्र घेऊन कितीतरी वेळ उभ्या होत्या. एकही अक्षर ओळखीचं नसताना त्या ओळीवरून नजर फिरवत होत्या. मग दोन्ही हातांनी त्यांनी ते अलगद जागेवर ठेवलं. आजीचा निरोप कुणीतरी घेतला असं मला वाटलं. आजवर कुठल्या चित्रासमोर मी इतकी रडले नव्हते.

बाबा, फोनवर आपण औषधांचं बोलतो, पावसाचं बोलतो. आजीचं नाव निघालं की तुम्ही फोन आईकडे देता. म्हणून हे लिहिलं.

प्रदर्शन 4 जानेवारीपर्यंत आहे. तोवर शिवलेले कपडे तिथेच राहतात. स्वेटर हातात आला की 6 तारखेच्या विमानाने निघते. आई, माळ्यावरची आजीची गोधडी काढून तिला ऊन दाखव. कडेने उसवलीय, ती आपण दोघी शिवू. सुईत दोरा बाबा ओवतील. लाल आणायचा की निळा, तेही त्यांनीच ठरवायचं.

तुमची,
मनू